पाय टेकला की हरला

आमच्या घरमालकांच्या सायकलला ब्रेक नव्हता. घंटी नव्हती, स्टँड नव्हता, मडगार्ड नव्हतं. कॅरिअर तर नव्हतंच. हे सगळं त्यांनी स्वतः पाना घेऊन खोललं आणि भंगारवाल्याला देऊन टाकलं होतं. का, तर शंभरेक वर्षांपूर्वी हॉलंडात कुणी एक शर्यतीचा सायकलवाला होऊन गेला आणि त्याच्या सायकलला यातलं काही नव्हतं. एवढंच असतं तर माझी तक्रार नव्हती. ज्याची त्याची सायकल. पण त्या डचापायी बोईसरच्या आमच्या चाळीत दहा खोल्यांना एकच संडास होता, आणि माझी तक्रार आहे ती ही.

आम्ही धुळ्याकडचे. बाबा इथे एमआयडीसीत कापड रंगवण्याच्या कारखान्यात लागले तेव्हा मी चौथीत होते, आणि बी.कॉम. झाले तेव्हाही त्याच खोलीत होते. आमच्यात, आईकडून बघा की बाबांकडून, कॉलेजात गेलेली मी पहिली. हे मी जिथेतिथे सांगते. लोकांना ते मिरवणं वाटतं. मिरवण्यासारखं आहे म्हणूनच मिरवते.

घरमालक इथलेच, मूळ गाव एडवणच्या बाजूला. आम्ही त्यांना काका म्हणायचो. उंच, काटक, साठी उलटली तरी हाफ पँटीत, आणि पाठीवर बारमाही चिखलाची एक उभी रेघ, कारण मडगार्ड नाही. तरुणपणापासून ते एका कंपनीत साहेबांची गाडी चालवायचे. त्या कंपनीत एकदा नवं मशीन बसवायला हॉलंडहून एक इंजिनिअर आला, आणि त्याला गेस्ट हाउसवरून आणायचं-सोडायचं काम यांच्याकडे आलं. त्या इंजिनिअरचे आजोबा म्हणजे हा डच. नाव काय ते काकांना शेवटपर्यंत कळलं नाही, कारण इंजिनिअर नुसतं 'ग्रँडफादर' म्हणायचा. त्याच्या पाकिटात फोटो होता. मधोमध भांग, पट्ट्यापट्ट्यांचा बनियन, सायकलच्या बाजूला छाती काढून उभा. इंजिनिअर मागच्या सीटवरून आजोबांचं सांगत राहायचा आणि हे आरशात बघून मान हलवायचे. त्याचं इंग्रजी डच वळणाचं आणि यांचं इंग्रजी 'यस सर', 'लेफ्ट सर', 'लंच सर' एवढंच. त्या दोघांच्या मधून गळून-गाळून जो डच उरला, तो आम्हा भाडेकरूंच्या वाट्याला आला.

तर हा डच लहानपणी पावाच्या भट्टीत कामाला होता. घरोघर पाव टाकून टाकून त्याचे पाय तयार झाले. एका रविवारी मालकाची पावाची सायकल घेऊनच शर्यतीत उतरला आणि पहिला आला. मग पॅरिस, मग बर्लिन. काका सांगताना 'पॅरिसला उतरला' म्हणायचे, जणू डहाणूच्या आधी कुठेतरी पॅरिस लागतं. बरं, ऐकणाऱ्याला ऐकायचं आहे की नाही, हा प्रश्न त्यांना कधी पडलाच नाही. तुम्ही हातात बादली घेऊन उभे असा, तापाने फणफणत असा, डच ऐकायचाच.

नवा भाडेकरू आला की पहिल्याच आठवड्यात त्याच्यावर हा प्रसंग यायचा. आमच्या शेजारी गोरखपूरचा एक वेल्डर राहायला आला. काकांनी त्याला सांगितलं की डच ट्रॅकवर सायकल चालवायचा. आमच्याकडे ट्रॅक म्हणजे रेल्वेचा. वेल्डरचा चेहरा गंभीर झाला.

"पटरी पे? अंकल, कट नहीं गया?"

मग त्याला समजवायला काका चाळीच्या मागच्या अंगणात घेऊन गेले. तिथे आमच्या दुःखाचं मूळ उभं होतं. दुसऱ्या संडासासाठी जी जागा सोडली होती, तिथे काकांनी त्या शर्यतीच्या ट्रॅकचं एक वळण बांधलं होतं. एकच वळण. खाली विटांचे खांब, वर सिमेंटचा उतरता स्लॅब, सुपाच्या कडेसारखा बाहेरून वर उचललेला, उंच बाजूला चांगला पुरुषभर. गल्लीतून वेगात यायचं, त्या उतारावर आडवं होऊन फिरायचं आणि दुसऱ्या टोकाला उतरायचं. उतरल्यावर समोर कंपाउंडची भिंत. तिथे थांबायचं, सायकल वळवायची आणि परत उलटं. समोरच्या मोकळ्या जागेत दुसरं वळण झालं की फेरी पूर्ण होणार होती. ते दुसरं वळण मी चौथीत असल्यापासून होणार होतं.

एक मान्य केलं पाहिजे. त्या उताराला ऊन फार छान लागायचं. चाळीतल्या बायका तिथे पापड, मिरच्या, गोधड्या वाळत घालायच्या. काका सायकल घेऊन आले की आरडाओरड करून सगळं उचलायला लावायचे. काकी, म्हणजे त्यांची बायको, त्यांची बाजू कधीच घ्यायची नाही. "माझी सवत परदेशी हाय," असं ती आईला सांगायची, "आनि मेलेली हाय. तिच्याशी भांडू तरी कशी?"

वेल्डरला मात्र डच आवडला. त्याने काकांच्या सायकलचं फ्रीव्हील वेल्ड करून दिलं. त्यामुळे झालं काय, की चाक फिरतंय तोवर पायडल फिरणारच. पाय थांबवला की सायकल थांबली. म्हणून ब्रेक नको. भर बोईसरमध्ये, जिथे रिक्षा कुठून येईल ते रिक्षावाल्यालाही माहीत नसतं, तिथे हा माणूस बिनब्रेकचा फिरायचा.

सहा दिवसांच्या शर्यतीची गोष्ट मात्र ते चांगली सांगत. दोन गडी मिळून एक जोडी, सहा दिवस, सहा रात्री. एक चालवतो तेव्हा दुसरा ट्रॅकच्या कडेला खाटेवर झोपतो. "मशीन बंद ठेवायचंच नाय," काका म्हणायचे. "एक उतरला की दुसरा चढला. सेकंड शिफ्ट, थर्ड शिफ्ट." हे आमच्या चाळीत कुणाला समजावून सांगायची गरज नव्हती. बाबांनी फक्त विचारलं की मग त्यांना सुटी कधी असायची. डचाची एक शर्यत मोटरच्या मागे असायची. पुढे मोठी मोटारसायकल, तिच्या आडोशाला सायकल, वारा लागत नाही म्हणून वेग भयंकर. त्यात तो एकदा पडला, हाडं मोडली, वर्षभर घरी बसला आणि पुन्हा उभा राहिला. काकांनी हा प्रयोग तारापूर रोडवर कंपनीच्या बसमागे केला. हाडं मोडली नाहीत, पण तोंड काळंठिक्कर करून खोकत घरी आले, आणि बसचा ड्रायव्हर दुसऱ्या दिवशी काकीकडे तक्रार घेऊन आला.

पण या सगळ्यापेक्षा जीव खाल्ला तो थांबण्याने. ट्रॅकवर दोघांचीच शर्यत असली की एक गंमत असते म्हणे. पुढे जो जातो त्याच्या आडोशाने मागचा येतो आणि शेवटी त्याला गाठतो. म्हणून पुढे कुणालाच जायचं नसतं. दोघंही मध्येच सायकल थांबवतात. पाय पायडलवर, सायकल जागच्या जागी, तोल सांभाळत नुसतं उभं राहायचं. जो आधी निघेल तो फसला. जो पाय टेकेल तो हरला. डच यात म्हणे राजा होता.

काका हे गल्लीच्या मधोमध करायचे. रोज. सायकल उभी, पाय वर, चाक बोटभर पुढे, बोटभर मागे, आणि वर तोंडाने गप्पा. मागे पाळीची बस हॉर्न वाजवतेय, टँकरवाला शिव्या देतोय, हे हलत नसत. मी त्यांना कधी पाय टेकताना पाहिलं नव्हतं. उतरायचे तेही भिंतीला हात लावून, मग उडी मारून. बरं, हा नियम सायकलपुरता ठेवतील तर ते काका कसले. नळ गळतोय म्हणून सांगायला गेलं की, "थांब जरा. पयला निघाला तो हरला." पत्रा उडाला, थांब. मोरी तुंबली, थांब. सगळी चाळ त्यांच्यापुढे हात टेकून मोकळी झाली होती, आणि ते पाय टेकायला तयार नव्हते.

मी कॉलेजात पहिल्या वर्षाला असताना शिष्टाचार म्हणून त्यांना विचारलं होतं, "काका, एकूण किती वर्षांचं करिअर होतं त्याचं?"

"कॅरिअर?" काकांना माझी कीव आली. "अगं, रेसच्या सायकलला कॅरिअर नसतं."

"सायकलचं नाही. त्याचं. आयुष्यातलं."

"आयुष्यात बी नव्हतं. तेच तर सांगतो. मागं वजन नको."

मी समजावून सांगितलं, फोड करून सांगितलं. व्यर्थ. तेव्हापासून मी करिअरचं नाव काढलं की ते माझ्या मागे बघायचे, काही बांधलंय का म्हणून. रिझल्टचे पेढे द्यायला गेले तेव्हा विचारलं, आता काय करनार? म्हटलं, आता करिअर. "झालं," काका काकीला म्हणाले, "पोरीनं परत मागं ओझं लावलं."

डचाची शेवटची शर्यत सांगताना मात्र त्यांचा आवाज उतरायचा. डच वयाने मोठा झालेला, समोर तरणा पोरगा. दोघं थांबले. लोक श्वास धरून बसलेले. आणि डचाने, ज्याने जन्मात कधी टेकला नव्हता त्याने, पाय टेकला. शर्यत हरला. सायकल हातात धरून चालत बाहेर गेला आणि पुन्हा कधी ट्रॅकवर आला नाही. पुढे त्याने सायकलचं दुकान काढलं.

का टेकला? हे इंजिनिअरने सांगितलं होतं. पण सांगितलं ते बोईसरच्या रेल्वे फाटकात, गाडीच्या काचा खाली, आणि नेमकी तेव्हा मालगाडी आली. इंजिनिअरचे ओठ हलत होते, हात हलत होते, आणि डबे काही संपत नव्हते. शेवटचा डबा गेला तेव्हा त्याचं सांगून झालं होतं आणि तो रुमालाने डोळे पुसत होता. काकांनी आरशात बघून 'यस सर' म्हटलं. पुन्हा विचारण्याएवढं इंग्रजी नव्हतं. दुसऱ्याच दिवशी इंजिनिअरचं विमान होतं.

त्या दिवसापासून ते प्रत्येकाला विचारत आले. तुला काय वाटतं, का टेकला असंल? वेल्डर म्हणाला, चक्कर आया होगा. बाबा म्हणाले, कंटाळला असेल. मला त्यांनी अशा सकाळी विचारलं, जेव्हा मी रांगेत होते, माझ्या पुढे सहा माणसं होती आणि कॉलेजला जायची गाडी निघून गेली होती.

"संडासला लागली असेल," मी म्हटलं.

रांग हसली. काका हसले नाहीत. "डच असा नव्हता," एवढं बोलून गेले.

आता आईचं सांगते. आईला शुगर. पहाटे पहिल्या पाळीच्या माणसांची रांग, ती ओसरते तोवर रात्रपाळीवाले परत येतात. बायकांनी मागे राहायचं असं कुणी ठरवलं नव्हतं, पण तसं चालायचं. आई संध्याकाळनंतर पाणी प्यायची नाही. आम्हाला वाटायचं, तिला तहान कमी. मग तिला लघवीचा त्रास सुरू झाला, ताप येऊ लागला, आणि मी तिला पालघरला डॉक्टरीणबाईंकडे नेलं. त्या रागावल्या. मूत्रपिंडावर जाईल म्हणाल्या. शुगर आहे आणि पाणी का पीत नाही? आई माझ्याकडे बघून म्हणाली, "रांग राहते." डॉक्टरीणबाईंना काही कळलं नाही. मला कळलं.

तिथून आले ती सरळ काकांकडे गेले. ते गल्लीत उभे, म्हणजे सायकलवर. मी सांगितलं की दुसरा संडास पाहिजे, समोरच्या मोकळ्या जागेत, या महिन्यात. आईचं सगळं सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं, चाक बोटभर मागे घेतलं, आणि म्हणाले, "तिथं दुसरं वळन व्हायचं हाय. थांब जरा."

मी ग्रॅज्युएट झाले ते काही थांबून नाही.

त्या रविवारी पापड वाळत होते. काका सायकल घेऊन अंगणात आले आणि नेहमीसारखे ओरडले, उचला, उचला. बायका उठायला लागल्या. मी त्यांना बसा म्हटलं, पापडांच्या मधून वाट काढत वळणाच्या वरच्या कडेला चढले आणि पाय सोडून बसले.

"खाली उतर," काका म्हणाले.

"तुम्हीच सांगता ना, पाय टेकला की हरला? मी वर बसते. तुम्ही तिथे उभे राहा. मी आधी जमिनीवर पाय टेकला, तर बांधा तुमचं दुसरं वळण, मी पुन्हा शब्द काढणार नाही. तुम्ही टेकलात, तर संडास."

काका माझ्याकडे बघत राहिले. इतक्या वर्षांत पहिल्यांदा कुणीतरी त्यांच्याशी शर्यत लावत होतं. मला वाटतं, त्यांना आनंदच झाला. अंगण आणि संडासाच्या मधल्या बोळाच्या तोंडाशी त्यांनी सायकल आणली, थांबवली, आणि उभे राहिले.

सिमेंट तापलं होतं. मला चटके बसत होते, पण हलायची सोय नव्हती. चाळ दारांत जमली. वेल्डर हळूच म्हणाला, "दीदी, हिलना मत." काकांच्या मानेवरून घाम ओघळायला लागला. पुढचं चाक बोटभर पुढे, बोटभर मागे. पण माणूस ताठ. कितीदा चिडले असेन त्यांच्यावर, पण त्या दिवशी मला दिसलं की हे सोपं नाही.

मग आमच्या खोलीचं दार उघडलं आणि आई बाहेर आली. हातात टमरेल.

तिला शर्यतीचं काही माहीत नव्हतं. औषध घेऊन झोपली होती. ती बोळापाशी आली आणि काकांच्या मागे थांबली. वाट अडलेली. बाजूला व्हा असं म्हणणारी माझी आई नाही. ती नुसती उभी राहिली. एका पायावरचा भार दुसऱ्या पायावर घेतला, मग परत पहिल्यावर. मी वरून बघत होते. ओरडावंसं वाटलं, पण मी उतरून काय उपयोग होता? वाट माझ्या हातात नव्हती.

काकांची पाठ तिच्याकडे होती. टमरेलाची कडी वाजली. त्यांनी मान वळवून पाहिलं. आईने खाली बघितलं.

काकांनी पाय टेकला.

आधी डावा, मग उजवा. सायकल उचलून भिंतीला लावली आणि भिंतीला चिकटून उभे राहिले. "जा वयनी," म्हणाले.

आई गेली. कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. काका आपल्या चपलांकडे बघत होते, जणू त्या दुसऱ्या कुणाच्या होत्या. मग त्यांनी मान वर केली, माझ्याकडे बघितलं आणि हळूच म्हणाले, "मालगाडीच्या आवाजात हेच बोलला असंल तो."

संडास झाला. पण कुठे झाला, ते ऐका. मोकळी जागा त्यांनी तशीच ठेवली आणि त्या पहिल्या वळणाच्या खाली, खांबांच्या मध्ये, भिंती घालून संडास बांधला. कबूल केलं होतं ते केलं, आणि दुसऱ्या वळणाची जागाही वाचवली. छप्पर उतरतं, आत शिरताना वाकावं लागतं, आणि काका वरून सायकल घेऊन गेले की आत बसलेल्याच्या डोक्यावर ढग गडगडल्यासारखा आवाज होतो. ते वेळ बघून फिरतील, ही अपेक्षा मी कधीच सोडून दिली होती.

आता मी पालघरला एका कार्यालयात नोकरी करते, आणि आम्ही पालघरलाच राहतो. घरात दोन संडास आहेत. हेही मी जिथेतिथे सांगते. मागच्या महिन्यात आईने काकांकडे जायचा हट्ट धरला. गेलो, तर तिथे नवा भाडेकरू हातात पिशवी घेऊन अडकलेला होता आणि काका त्याला शेवटची शर्यत सांगत होते. आता त्यात शंका उरलेली नाही. लोक श्वास धरून बसलेले, दोघं थांबलेले, आणि तेवढ्यात मागून एक बाई आली. आजारी बाई. तिला जायचं होतं आणि वाट डचाने अडवलेली. म्हणून त्याने पाय टेकला.

मला राहवलं नाही. भाडेकरू गेल्यावर मी म्हटलं, काका, असं कुठेही नोंदलेलं नाही. मी इंटरनेटवर शोधलं. नावाशिवाय माणूस सापडत नाही, आणि शर्यतीच्या मधे ट्रॅकवर बाई कुठून येणार?

"तुझ्या इंटरनेटला बी मालगाडी आडवी गेली असंल," काका म्हणाले. "बाई आली व्हती. हातात टमरेल व्हतं."

"पॅरिसमध्ये? टमरेल?"

"मग काय असंल त्यांच्याकडं?" त्यांनी खरंच विचारलं.

मी कपाळाला हात लावला. ग्रॅज्युएट झाले म्हणून या प्रश्नाचं उत्तर माझ्याकडे असेल, असं धरून ते वाट बघत होते. शेजारी आई तोंडाला पदर लावून हसत होती. हसून हसून तिला ठसका लागला, तशी काकीने तांब्या पुढे केला. संध्याकाळ झाली होती. आईने तो तोंडाला लावला आणि तळ दिसेपर्यंत खाली ठेवला नाही.